कोऱ्या कागदावरचा अंगठा

माझा आजा महारकी करायचा. गाव अकोला जिल्ह्यातलं. नाव सांगत नाही. तुमच्या गावाचं नाव घाला, गोष्ट बदलणार नाही. शिवारात कुठं मढं सापडलं — विहिरीत, नाल्यात, वावराच्या धुऱ्यावर — की फौजदार येईस्तोवर त्याची राखण आजानं करायची. एक रात्र लागो की तीन. कोल्ह्याकुत्र्यांना हाकलत बसायचं. फौजदार यायचा तो थेट पाटलाच्या वाड्यावर. मढं धुऱ्यावर आणि पंचनामा ओसरीवर.

स्वातंत्र्याच्या दोनेक वर्षं आधी बाजारावरून परतणाऱ्या एका व्यापाऱ्याचा आमच्या शिवारात खून झाला. तिसऱ्या दिवशी फौजदारानं शेजारच्या शिवारातल्या पालावरून एक फासेपारधी धरून आणला. पारध्यानं लपवलेली कुऱ्हाड काढून दिली असा पंचनामा झाला. त्या पंचनाम्याला दोन पंच होते. एक पाटलाचा सालदार. दुसरा माझा आजा.

ही गोष्ट आजानं मला मी नववीत असताना सांगितली. बाजेवर पडून होता, खोकत होता. मी विचारलं, "आज्या, कुऱ्हाड त्यानं कुठून काढून देली?"

"मले काय मालूम लेका. म्या पालावर गेलोच नोतो."

"मंग अंगठा काहून देला?"

"कागद कोराच होता. फौजदार म्हने दे, म्या देला."

"आन् कोर्टात?"

आजा बराच वेळ बोलला नाही. मग म्हणाला, "अकोल्याच्या कोर्टात सरकारी वकिलानं इचारलं, याच मानसानं काढून देली काय? म्या म्हतलं व्हय साहेब. गावात राह्याचं होतं नं मले."

त्या पारध्याचं पुढं काय झालं, आजाला माहीत नव्हतं. कोणी म्हणे फाशी झाली, कोणी म्हणे जन्मठेप. त्यानं अपील केलं का, हे तर विचारायलाच नको. अपील म्हणजे काय हे पालावर कोणाला ठाऊक होतं? आमच्या वस्तीत तरी कोणाला होतं?

मित्रहो, आपण आपल्या पानांवर नेहमी आपल्यावर झालेला अन्याय लिहितो. लिहिलाच पाहिजे. पण माझ्या आजाचा अंगठा कोणाच्या गळ्यापर्यंत गेला, हेही एकदा लिहायला हवं. म्हणून हा इतिहास.

०

पुढं मी अकोल्यात एका फौजदारी वकिलाकडे मुन्शी झालो. सत्तावीस वर्षं तेच केलं. नकला काढायच्या, तारखा लिहायच्या, वकीलपत्रावर कैद्याची सही आणायला अमरावतीच्या सेंट्रल जेलवर जायचं, अपिलाचं बाड काखोटीला मारून बडनेऱ्यावरून नागपूर गाठायचं. मी वकील नाही. पण मुन्शी जेवढे कागद वाचतो तेवढे सगळेच वकील वाचत नाहीत.

अमरावतीच्या जेलबाहेर एकदा एका म्हाताऱ्या बाईनं मला विचारलं, "भाऊ, अपील म्हंजे काय करतेत वो?" मी म्हटलं, "माय, वरचं कोर्ट पुन्हा सगळं तपासते." ती म्हणाली, "मानूस तपासते का कागद?" मी म्हटलं, "कागद."

ती गप्प बसली. मीही. कारण खरं तेच आहे. अपिलात साक्षीदार सहसा पुन्हा उभा राहत नाही. हायकोर्टाचे जज त्याचा चेहरा पाहत नाहीत, त्याचा घाबरा आवाज ऐकत नाहीत. त्यांच्यापुढं असतो तो छापलेला कागद. ओसरीवर जो लिहिला गेला तोच कागद अकोल्याहून नागपूरला आणि नागपूरहून दिल्लीला जातो. तो मुळात खोटा असेल, तर खोटं पकडायलाही त्याच कागदातली एखादी फट शोधावी लागते. तारीख जुळत नाही. पंच एकच माणूस दोन ठिकाणी दाखवलाय. आधी दिलेलं नाव नंतर गायब झालंय. फट सापडली तर माणूस सुटतो. नाही सापडली तर...

नागपूरला हायकोर्ट झालं १९३६ साली. तेव्हापासून अमरावती-अकोल्याची खुनाची अपिलं तिथं जातात. १९५६ साली वऱ्हाड जुन्या मध्यप्रदेशातून मुंबई राज्यात आला, तरी खंडपीठ नागपूरलाच राहिलं. म्हणजे आजाच्या त्या पारध्याला अपिलाचं दार होतं. आगगाडीनं एका दिवसाच्या वाटेवर होतं. फक्त ते दार आहे हे त्याला कोणी सांगितलं नाही.

०

आता थोडं मागं जाऊ. इंग्रजांनी या देशात लागोपाठच्या दोन वर्षांत दोन कायदे केले. ते शेजारी शेजारी ठेवून वाचले पाहिजेत.

पहिला १८७१ चा. गुन्हेगार जमातींचा कायदा. सरकारनं एखादी जमात गुन्हेगार म्हणून जाहीर केली की झालं. त्या जमातीत जन्मलेलं पोर गुन्हेगार. नाव रजिस्टरात, हजेरी, गाव सोडायला परवानगी. आणि त्यात एक कलम असं होतं की, ही जाहिरात बरोबर की चूक हे कोणत्याही कोर्टानं विचारायचं नाही. जाहिरात हाच पुरावा, आणि तोही अखेरचा. म्हणजे साक्ष नाही, उलटतपासणी नाही, अपील नाही. हा कायदा आधी उत्तरेकडं लागू झाला, १९११ साली देशभर लावायची सोय झाली, १९२४ साली पुन्हा पक्का केला.

दुसरा १८७२ चा. पुराव्याचा कायदा. तो काय म्हणतो? कलम २५ : पोलिसापुढं दिलेली कबुली आरोपीविरुद्ध पुरावा म्हणून चालणार नाही. का? कारण पोलीस मारून कबुली घेतात हे खुद्द इंग्रजाला ठाऊक होतं. स्वतःच्याच पोलिसावर त्याचा भरवसा नव्हता. या कायद्याप्रमाणं पुरावा पारखून घ्यायचा, पोलीस म्हणतो म्हणून मानायचा नाही.

सरकार तेच. एका वर्षी म्हणतं, पुराव्याची गरजच नाही, जात सांगा. दुसऱ्या वर्षी म्हणतं, पुराव्याशिवाय काही मानू नका. गंमत नाही ही. दोन कायदे दोन प्रकारच्या माणसांसाठी होते. ज्याच्याकडे वकील, त्याला ७२ चा. ज्याच्याकडे पाल, त्याला ७१ चा.

३१ ऑगस्ट १९५२ रोजी गुन्हेगार जमातींचा कायदा रद्द झाला. माणसं विमुक्त झाली. पुराव्याचा जुना कायदाही आता नाही. १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष्य अधिनियम आला. पोलिसापुढची कबुली पुरावा नाही हे त्यातही आहे. आणि जुन्या कलम २७ चं मागचं दारही त्यात आहे : आरोपीनं सांगितल्यावरून वस्तू सापडली, तर तेवढं सांगणं पुराव्यात घेता येतं. माझ्या आजाची कुऱ्हाड त्याच दारातून कोर्टात आली होती. तेव्हा प्रश्न असा की, १८७१ चा कायदा कागदावरून गेला, पण ठाण्यातल्या डोक्यातून गेला का?

०

तो गेला पाहिजे असं सांगणारे निकाल आहेत. दोन सांगतो.

१९४९ च्या डिसेंबरात गोंदियाला पाच वर्षांच्या एका मुलाचा खून झाला. गोंदिया तेव्हा भंडारा जिल्ह्यात आणि आपण सगळेच जुन्या मध्यप्रदेशात. मुलाचा बाप अन्नखात्यात अधिकारी. त्याच्यामुळं नोकरी गेलेल्या कश्मिरासिंगवर आळ आला. मुख्य पुरावा काय, तर दुसऱ्या आरोपीची कबुली. त्यानं स्वतःला गुंतवलं आणि कश्मिरासिंगलाही. फाशी झाली. हायकोर्टात कायम झाली. १९५२ साली सुप्रीम कोर्टात न्यायमूर्ती विव्हियन बोस यांनी निकाल लिहिला. बोस त्याआधी नागपूर हायकोर्टाचेच मुख्य न्यायाधीश होते. त्यांनी पद्धत घालून दिली ती अशी : आधी सहआरोपीची कबुली बाजूला ठेवा. उरलेला पुरावा एकटा पाहा. तो पुरेसा असेल तरच प्रश्न मिटला. थोडी खात्री कमी पडत असेल तर कबुलीचा टेकू घ्या. पण टेकूवर घर बांधू नका. कश्मिरासिंगची खुनाची शिक्षा रद्द झाली. पुरावा लपवल्याचा गुन्हा तेवढा राहिला.

दुसरा निकाल १९८१ सालच्या कायद्याच्या रिपोर्टांत छापलेला. शंकरलाल दीक्षित विरुद्ध महाराष्ट्र राज्य. पाच वर्षांच्या मुलीवर अत्याचार करून खून, आणि मृतदेह आरोपीच्याच घरात. वाचताना वाटतं, आता आणखी काय हवं? खालच्या दोन्ही कोर्टांनाही तसंच वाटलं. फाशी. सरन्यायाधीश यशवंत विष्णू चंद्रचूड यांनी मात्र थांबून साधे प्रश्न विचारले. मारणारा मृतदेह स्वतःच्याच घरात टाकून त्याच्यापासून चार पावलांवर झोपून राहील का? त्या घरात दुसऱ्या कोणाला शिरता येत नव्हतं का? आरोपीचं नाव पोलिसांना इतक्या उशिरा का सांगितलं गेलं? माणूस सुटला. त्या निकालात एक फार खरी गोष्ट लिहिलीय. क्रूर गुन्हा घडला की माणसं दाट संशयातूनच गोष्ट विणायला बसतात. आणि आरोपीनं दिलेली सफाई खोटी निघाली, म्हणून सरकारी पक्षाचा पुरावा आपोआप खरा ठरत नाही.

हे वाचलं तेव्हा मला आमच्या गावची ओसरी आठवली. तिथं बसलेले सगळेच काही खोटारडे नव्हते. व्यापारी मेला होता, गाव भ्यालं होतं. पालावर पारधी होता. गोष्ट विणायला एवढं सूत पुष्कळ झालं.

०

इथं बाबासाहेबांची आठवण काढणं भाग आहे. घटना समितीत ३ जून १९४९ रोजी चर्चा चालली होती की, फाशीच्या प्रत्येक प्रकरणात सुप्रीम कोर्टात अपिलाचा हक्क द्यावा काय. बाबासाहेब म्हणाले, त्याऐवजी फाशीची शिक्षाच रद्द करायला मी पाठिंबा देईन. त्यांनी अहिंसेचा आधार घेतला. या देशातली माणसं अहिंसा आचरणात आणत नसली तरी नीती म्हणून मानतात, असं त्यांचं म्हणणं होतं. ते ऐकलं गेलं नाही. फाशी राहिली आणि दिल्लीचं अपील बहुतेकांसाठी हक्क न होता परवानगीचा विषय झालं.

राष्ट्रीय विधी विद्यापीठ, दिल्ली यांनी २०१६ साली देशातल्या फाशीच्या कैद्यांचा अहवाल काढला. त्यात शंभरातले ७६ कैदी मागास जाती-जमातींचे नाहीतर धार्मिक अल्पसंख्य निघाले. अनुसूचित जाती-जमातींचे देशात २४.५ टक्के. आणि आपल्या पुरोगामी महाराष्ट्रात? निम्मे. कायदा आंधळा असतो म्हणतात. इतका नेमका कसा लागतो मग त्याचा हात?

०

आता मूळ गोष्ट.

५ जून २००३ ची रात्र. नाशिकजवळ पेरूच्या बागेत एक झोपडं. त्यात एक गरीब कुटुंब, जेवणखाण आटोपून बसलेलं. हत्यारं घेऊन टोळकं शिरलं. पैसे, दागिने लुटले. पाच माणसं मारली. घरातल्या बाईवर आणि पोरीवर अत्याचार केला. पोरगी मेलेल्या पाचांत होती. आई आणि एक मुलगा जखमी होऊन वाचले. या रात्रीबद्दल याहून जास्त लिहीत नाही. मेलेली माणसं आपल्यासारखीच होती, हातावर पोट असलेली.

दोन दिवसांनी, ७ जूनला, त्या वाचलेल्या आईला पोलिसांनी आपल्याकडच्या गुन्हेगारांच्या फोटोंचा अल्बम दाखवला. तिनं त्यातले चार जण ओळखले. बोट ठेवून ओळखले. तपास तिथूनच सुरू व्हायला हवा होता.

तो तिथंच संपला. त्या चौघांचं पोलिसांनी काय केलं? काही नाही. ना अटक, ना चौकशी, ना खटला. पुढं पकडले गेले ते वेगळेच सहा. जालना जिल्ह्यातल्या भोकरदनकडचे, म्हणजे आपल्या बुलढाण्याला लागून. भटक्या जमातीतले, मजुरी करणारे. या सहांवर ओळखीचं बोट ठेवलं गेलं. खटला उभा राहिला तो त्या ओळखीवर.

तारखा बघा.

१२ जून २००६. नाशिकच्या सेशन कोर्टानं सहाही जणांना फाशी दिली.

२२ मार्च २००७. मुंबई हायकोर्टानं तिघांची फाशी कायम केली, तिघांची जन्मठेप केली.

३० एप्रिल २००९. सुप्रीम कोर्टानं अपील फेटाळलं. एवढंच नाही, सरकारचं अपील मान्य करून त्या तिघांचीही फाशी परत आणली. पुन्हा सहाच्या सहा.

दोनच आठवड्यांनी, १३ मे २००९ ला, महाराष्ट्रातल्याच बरियार खटल्यात सुप्रीम कोर्टानं म्हटलं की, नुसता गुन्हा बघून फाशी देणारा १९९६ चा राजस्थानचा निकाल चुकीचा होता, गुन्हेगार माणूसही बघावा लागतो. आणि सहा जणांची फाशी त्याच १९९६ च्या निकालाच्या आधारानं झालेली! २०१२ साली १४ निवृत्त न्यायाधीशांनी राष्ट्रपतींना लिहिलं, की अशा चुकीच्या आधारावर फाशी झालेल्या माणसांना लटकवू नका. या सहांतला एक तर गुन्ह्याच्या वेळी अल्पवयीन होता. पोर होतं ते. ते फाशी यार्डात वाढलं.

२०१४ साली सुप्रीम कोर्टानं ठरवलं, फाशीच्या कैद्याचा पुनर्विचार अर्ज बंद खोलीत कागद फिरवून नाही, उघड्या कोर्टात तीन न्यायाधीशांनी ऐकायचा. त्या वाटेनं हे प्रकरण पुन्हा उघडलं. ऑक्टोबर २०१८ मध्ये जुना निकाल मागं घेतला गेला. आणि ५ मार्च २०१९ रोजी न्यायमूर्ती सिक्री, नझीर आणि शहा यांच्या पीठानं सहाही जणांना निर्दोष सोडलं. कायद्याच्या पुस्तकांत ते अंकुश मारुती शिंदे विरुद्ध महाराष्ट्र राज्य या नावानं आहे.

कशावर सोडलं? कोणी नवा साक्षीदार आला नाही. खरा खुनी येऊन कबूल झाला नाही. तीच फट — ७ जूनचा कागद. आईनं चार वेगळी माणसं ओळखली होती, आणि सरकारी पक्षानं ती गोष्ट कोर्टापुढं मांडलीच नाही. मग नंतरच्या ओळखीवर विश्वास कसा ठेवायचा? कोर्टानं असंही लिहिलं की, आरोपी भटक्या जमातीतले, समाजाच्या तळातले, गरीब मजूर आहेत. त्यांना खोटं गुंतवलं गेल्याची शक्यता नाकारता येत नाही. प्रत्येकाला ५ लाख रुपये द्या, आणि तपासात कसूर करणारे अधिकारी शोधून कारवाई करा, असा हुकूम सरकारला झाला.

मुन्शीची सवय म्हणून मी हिशेब केला. सोळा वर्षं धरली तर रोजाचे पंच्याऐंशी रुपये पडतात. निंदणाच्या बाईलाही याहून जास्त रोज द्यावा लागतो.

पण हिशेबापेक्षा मला दुसरी गोष्ट सलते. तो कागद २००३ पासून होता. २००६ ला होता, २००७ ला होता, २००९ ला होता. तीन कोर्टं त्याच्या अंगावरून गेली. पाच प्रेतं समोर असताना कोणाला थांबावंसं वाटलं नाही. १८७२ चा कायदा पुस्तकात उघडा होता आणि न्याय १८७१ च्या कायद्यानं चालला होता. सहा माणसं, जमात भटकी, पुरे. दोर सोळा वर्षं तयार होता. फक्त ओढला गेला नाही, म्हणून आज आपण याला न्याय म्हणतो. ओढला असता तर ५ मार्च २०१९ चा निकाल कोणाला वाचून दाखवला असता?

०

आता तुमचा प्रश्न मला ऐकू येतोय. आपल्या वस्तीत मी हे बोललो तेव्हा एका पोरानं तो तोंडावर विचारला. "मुन्शीकाका, पुरावा नाही म्हणून सुटले याचं कौतुक तुम्ही आमाले काय सांगता? आपले मारनारे तर दरवेळी तसेच सुटतेत!"

खरं आहे त्याचं. २०१४ च्या एप्रिलात नगर जिल्ह्यातल्या खर्ड्याला आपला सतरा वर्षांचा शाळकरी पोरगा मारून झाडाला लटकवला. वरच्या जातीतल्या पोरीशी बोलतो म्हणून. दिवसाढवळ्या. नोव्हेंबर २०१७ मध्ये सेशन कोर्टानं सगळ्या आरोपींना सोडलं. साक्षीदार एकामागून एक उलटले. पुरावा उरला नाही. १९७४ साली आपल्याच अकोला जिल्ह्यात, धाकलीला, गवई बंधूंचे डोळे काढले गेले, तेव्हापासून वऱ्हाडातला प्रत्येक माणूस हे ओळखून आहे की, ठाण्याची पायरी आपल्याला उंच असते.

तर मग 'संशयाचा फायदा' हा शब्द ऐकून आपल्या पोटात कालवलं तर नवल नाही. तो फायदा नेहमी त्यांनाच का?

पण पोरांनो, नीट बघा. खर्ड्याचा साक्षीदार का उलटला असेल? त्याच्या मनात काय होतं ते मी सांगू शकत नाही. माझ्या आजाच्या मनात काय होतं ते मात्र सांगू शकतो. गावात राह्याचं होतं. गावात राहायचं म्हणून माणूस एका खटल्यात खोटं 'व्हय' म्हणतो आणि दुसऱ्या खटल्यात खोटं 'नाही' म्हणतो. 'व्हय' म्हटलं की पालावरचा पारधी आत जातो. 'नाही' म्हटलं की वाड्यावरचा पाटील बाहेर येतो. भय एकच आहे.

आणि तपासही एकच आहे. नाशिकला ज्या हातानं चार नावं बाजूला सारली, तसाच हात आपल्या खटल्यात पंचनामा उशिरा करतो, रक्ताचे कपडे हरवतो, साक्षीदाराला संरक्षण देत नाही. कामचुकार तपास गरिबाला दोन्हीकडून मारतो. तो आरोपी असला तर खोट्या पुराव्यानं आणि फिर्यादी असला तर पुराव्याअभावी. १९७३ च्या बोबडे खटल्यात, तोही महाराष्ट्रातलाच, न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी बजावलं होतं की, निरपराध्याला शिक्षा होणं हा जसा अन्याय, तसा अपराधी सुटणं हाही अन्यायच. दोन्ही वाक्यं एकदम धरायची. एक सोडून दुसरं धरता येत नाही.

नाशिकच्या त्या बागेतल्या कुटुंबाचं काय झालं, हे विचारा ना. सहा जण सुटले, ठीक झालं. पण पाच माणसं कोणी मारली? २००३ च्या जूनमध्ये त्या माउलीनं जखमी अंगानं बोट उचलून सांगितलं होतं. तिचं कोणी ऐकलं नाही. खोट्या शिक्षेनं सहा घरं तर बसलीच, त्या आईचाही न्याय गेला. सोळा वर्षांनी कुठं शोधायचे ते चार? म्हणून म्हणतो, चुकीचा माणूस आत जातो तेव्हा फिर्यादीनं पेढे वाटू नयेत. त्याच दिवशी खरा माणूस कायमचा सुटलेला असतो.

तेव्हा आपली मागणी 'त्यांचा फायदा काढून घ्या' ही नको. पुराव्याची जी पारख वाड्यावरच्या आरोपीला मिळते तीच पालावरच्याला मिळाली पाहिजे, ही हवी. आणि आपल्या मेलेल्या माणसाचा तपास असा व्हावा की पारखून पारखून कोर्ट थकलं तरी तो तुटू नये.

०

शेवटी मुन्शी म्हणून चार कामाच्या गोष्टी सांगतो. लक्षात ठेवा, वस्तीत सांगा.

कोऱ्या कागदावर सही-अंगठा देऊ नका. पंच म्हणून बोलावलं तर जागेवर जा, डोळ्यांनी पाहा, लिहिलेलं वाचून घ्या. वाचता येत नसेल तर वाचणारं पोर सोबत न्या. पोलिसापुढं दिलेल्या जबाबावर सही घ्यायचीच नसते, हेही ध्यानात असू द्या.

शिक्षा झाली तर निकालाची नक्कल कैद्याला फुकट मिळते. सेशन कोर्टाच्या शिक्षेवर हायकोर्टात अपिलाची मुदत ६० दिवस. फाशी असेल तर ३०. वकिलाला पैसे नसले तरी कैदी जेलच्या अधिकाऱ्याच्या हाती अपील देऊ शकतो, त्यानं ते वर पाठवायचं असतं. सरकारी खर्चानं वकील मिळण्याचा हक्क आहे. फाशी असेल तर हायकोर्टानं मंजूर केल्याशिवाय ती देता येत नाही. आणि कोणता कागद दाखवला गेला नाही, ते शोधा. पहिल्या दोन-तीन दिवसांचे कागद शोधा. नाशिकचे सहा जण तिसऱ्या दिवसाच्या एका कागदावर जगले.

मुन्शीगिरी सोडायच्या आधी मी त्या पारध्याच्या खटल्याचे कागद खूप शोधले. साल पक्कं माहीत नाही, त्याचं नाव तर आजालाही आठवत नव्हतं. सापडले नाहीत. एवढ्या जुन्या फायली कोण ठेवतो? सापडले असते तरी काय केलं असतं, असं बायको म्हणाली. तिचंही बरोबर.

एकदा बघायचा होता, एवढंच. त्या पंचनाम्यावर खाली डाव्या कोपऱ्यात आजाचा अंगठा असेल. शाईचा, जरा पसरलेला. आमच्या घराण्यातली सरकारदरबारी उमटलेली ती पहिली खूण. आणि ती एका निरक्षर माणसाला, आमच्यापेक्षाही गावाच्या जास्त लांब राहणाऱ्या माणसाला, गुन्हेगार ठरवण्यासाठी उमटली होती. आजाला दोष देऊन मी मोकळा होऊ शकत नाही. त्याला गावात राहायचं होतं. मी शहरात राहतो, मला लिहिता येतं. म्हणून हे लिहून ठेवलं.